ऐकू येतंय का तुम्हाला?

‘‘वहिनी, फोटो कुठला टाकू?’’

फ्लेक्सवाल्या मुलानं विचारलं आणि मी लगेच पर्समधून मोबाइल काढला.

एप्रिल २०१८ मधली गोष्ट आहे. जम्मू-काश्मीरमधल्या कठुआची बातमी तोवर घरोघरी पोचली होती. बकरवाल समाजातली आठ वर्षांची मुलगी. जानेवारीत घोडी चारायला म्हणून घरातून गेली, ती परत आलीच नाही. आठवडाभरानं तिचा देहच सापडला. तिच्यावर काय काय गुदरलं, ते आरोपपत्रातून बाहेर आलं तेव्हा सगळा देश हादरला. आमच्या महिला मंडळानंही ठरवलं, संध्याकाळी एसटी स्टँडपासून चौकापर्यंत मेणबत्त्या घेऊन मूक मोर्चा काढायचा.

फोटो माझ्याकडं होता. नणंदेनं पाठवलेला. तिला तो तिच्या शाळेच्या ग्रुपवर आलेला. मी तो फ्लेक्सवाल्याला पाठवला आणि वर म्हणाले, ‘‘चेहरा जरा मोठा घे रे.’’ संध्याकाळी चांगल्या दीडेकशे बायका जमल्या. काही जणी तर फ्लेक्सकडं बघून रडल्या. मीही रडले. घरी आल्यावर वाटलं, आपण काही तरी केलं.

चारच दिवसांत पेपरात बातमी आली. त्या मुलीचं नाव आणि फोटो देणाऱ्या माध्यमसंस्थांना दिल्ली उच्च न्यायालयानं प्रत्येकी दहा लाख रुपये भरायला लावले होते. मंडळात चर्चा झाली. ‘‘आपण कुठं पेपरवाले आहोत?’’ असं म्हणून आम्ही तो विषय तिथंच सोडला.

पुढं जून २०१९ मध्ये पठाणकोटच्या न्यायालयानं सहा जणांना दोषी ठरवलं. त्यातल्या तिघांना जन्मठेप झाली. आम्हाला समाधान वाटलं. पण त्याच पावसाळ्यात मी बाजारातून येताना चहाच्या टपरीवर आडवा बांधलेला एक जुना फ्लेक्स बघितला. पाणी गळू नये म्हणून ताडपत्रीसारखा अंथरलेला. एका कोपऱ्यातून तो चेहरा खाली बघत होता. टपरीवाल्याला विचारलं तर म्हणाला, ‘‘तुमच्याच मंडळाचा आहे की वहिनी, खांबावर तसाच होता.’’

तो फ्लेक्स मी सोडवून घेतला. त्याला दुसरी ताडपत्री आणून दिली. पण मनात काही तरी टोचलं ते टोचलंच.

‘ते पुसता येतं का?’

फ्लेक्सवरची मुलगी या जगात नव्हती. आता जिचं सांगते, ती आहे.

२०२१ चं साल. लॉकडाऊनमुळं शाळा बंद, घरोघरी पैशांची ओढाताण. अशा वेळी गरिबाघरच्या कितीतरी मुली कुठं कुठं कामाला लागल्या, ते तुम्हीही आसपास बघितलं असेल. आमच्या तालुक्यात एका घरी अशीच एक पोर आणून ठेवली होती. दहा-अकरा वर्षांची असेल. काम काय, तर लहान मूल सांभाळायचं. प्रत्यक्षात धुणी, भांडी, फरशी, सगळंच. आणि चुकलं की मार, चटके. शेजारच्या बाईनं मंडळात येऊन दबक्या आवाजात सांगितलं.

आम्ही चौघी गेलो. सोबत मोबाइलवर स्थानिक बातम्या करणारा एक तरुण आला. खरं तर मीच त्याला बोलावलं होतं. वाटलं, पुरावा असलेला बरा. शिवाय बातमी झाली की पोलीस हलतात, हा आजवरचा अनुभव. पोरगी कोपऱ्यात उभी होती. त्यानं मोबाइल तिच्यासमोर धरला. मी तिच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाले, ‘‘बोल बाळा, घाबरू नकोस. मावशी आहे ना इथं.’’

तिनं फ्रॉकची बाही वर केली आणि दाखवलं.

तो व्हिडिओ त्याच रात्री हजारो लोकांनी बघितला. खोटं कशाला सांगू, त्याचा उपयोगही झाला. दुसऱ्याच दिवशी गुन्हा नोंदवला गेला. मुलगी सुटली, बालकल्याण समितीपुढं हजर झाली, तिची राहण्याची आणि शाळेची सोय झाली. आमचा शाल-श्रीफळ देऊन सत्कारही झाला.

सहा महिन्यांनी मी चिवडा-लाडू घेऊन तिला भेटायला गेले. जरा अंगानं भरली होती. केस छान विंचरलेले. थोडं इकडचं तिकडचं बोलून झाल्यावर तिनं हळूच विचारलं, ‘‘मावशी, ते पुसता येतं का?’’

मला वाटलं, हातावरच्या डागांबद्दल विचारतेय. म्हटलं, ‘‘येतं की, मी मलम आणून देते. हळूहळू जातील.’’

‘‘ते नाही. मोबाइलमधलं.’’

शाळेत तिला ‘व्हिडिओवाली’ म्हणत होते. कुणा मुलाच्या मोठ्या भावाच्या मोबाइलमध्ये तो निघाला होता. ती रडते कशी, याच्या नकला करायचे. मी तिला काय उत्तर देणार? ज्यानं काढला त्यानं आपल्याकडचा पुसला. पण बाकी हजार मोबाइलमधून कोण पुसणार?

डाग पुसट झाले. व्हिडिओ नाही झाला.

भाचीनं दाखवलेली चित्रं

हे मनात घोळत असतानाच २०२३ च्या दिवाळीत माझी भाची सुट्टीला आली. मुंबईत चित्रकला शिकते. ‘‘मावशी, नलिनी मालानी माहीत आहेत का तुला? यंदा त्यांना जपानचा क्योटो पुरस्कार मिळालाय. जे. जे.च्याच आहेत त्या.’’ असं म्हणत तिनं मोबाइल माझ्यापुढं धरला.

मी बघितलं. काळ्या पार्श्वभूमीवर भराभर ओढलेल्या रेषा. एक चेहरा उमटतो, विस्कटतो. अक्षरं येतात, खोडली जातात. दोरीवरच्या उड्या मारणारी एक मुलगी येते, जाते. रंग सांडतात. पुन्हा सगळं पुसून नवीन काही तरी.

‘‘अगं, हे तर पोराटोरांनी भिंतीवर गिरगटल्यासारखं दिसतंय,’’ मी म्हणाले. ती हसली. ‘‘तसंच दिसायला हवंय ते. हे कशावर आहे, सांगू? कठुआच्या त्या मुलीवर.’’

मी मोबाइल हातात घेऊन पुन्हा पहिल्यापासून बघितलं.

नलिनी मालानींचा जन्म १९४६ चा, कराचीचा. फाळणीत कुटुंब इकडं आलं. आधी कोलकाता, मग मुंबई. आपलं घर सुटणं म्हणजे काय, हे घरातच ऐकत वाढलेल्या. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकल्या. १९६९ मध्ये चित्रकार अकबर पदमसी यांनी मुंबईत एक कार्यशाळा सुरू केली होती. चित्रकारांनी कॅमेरा, फिल्म हाताळून बघावी म्हणून. मालानी तिथं गेल्या आणि चित्र हलतं करायचा नाद त्यांना तेव्हापासून लागला.

व्हिडिओ आर्ट म्हणजे तरी काय? मला भाचीनं सोपं करून सांगितलं. सिनेमाला सुरुवात-शेवट असतो, आपण खुर्चीत बसून बघतो. इथं कलावंत भिंतीवर, छतावर, कधी जुन्या सामानावर हलती चित्रं सोडतो आणि आपण त्यांच्या मधून फिरायचं. १९९८ मध्ये पोखरणला अणुचाचण्या झाल्या, त्यानंतर मालानींनी मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये असंच एक काम मांडलं होतं. मंटोच्या ‘टोबा टेकसिंह’ या फाळणीच्या कथेवर बेतलेलं. त्यात पत्र्याच्या ट्रंका होत्या आणि ट्रंकांच्या आत टीव्हीचे पडदे. बिऱ्हाड पाठीवर घेऊन निघालेल्या माणसाची ट्रंक! हे कळायला चित्रकलेची पदवी लागत नाही. आणि म्युझियम ही तर मुंबई बघायला गेलेली आपली माणसं हमखास जातात, अशी जागा.

कठुआच्या घटनेनंतर त्यांनी जे काम केलं, त्याचं नाव ‘कॅन यू हिअर मी?’ म्हणजे ‘ऐकू येतंय का तुम्हाला?’ आता त्या टॅबवर थेट बोटानं चित्रं काढतात. ना ब्रश, ना कॅनव्हास. अशी बोटानं काढलेली ८८ छोटी हलती चित्रं त्यांनी एकत्र केली. लंडनच्या व्हाइटचॅपल गॅलरीत २०२० मध्ये ती मांडली गेली. ती खोली पूर्वी तिथल्या वाचनालयाची होती. तिच्या विटांच्या भिंतींवर नऊ प्रोजेक्टरमधून ही चित्रं एकमेकांवर येत-जात राहायची. एकीकडं बघावं तर दुसरीकडचं निसटतं. सगळं एका वेळी दिसतच नाही. एक लेकरू हाक मारत होतं आणि आजूबाजूच्यांपर्यंत ती पोचली नाही, ही त्या नावामागची वेदना.

मी भाचीला विचारलं, ‘‘तिचा फोटो कुठं आहे यात?’’

‘‘नाहीये.’’

‘‘मग ही तीच, हे लोकांना कळायचं कसं?’’

‘‘कळायला कशाला हवं मावशी?’’ ती सहज म्हणाली. ‘‘तिला जे झालं ते कळलं ना?’’

मला टपरीवरचा तो फ्लेक्स आठवला. मी काही बोलले नाही.

चेहरा दाखवायचा की नाही?

तरीही माझं मन लगेच मानेना. मी तिच्याशी वाद घातला. म्हटलं, ‘‘तुमची चित्रं गॅलरीत राहतात. आमच्या व्हिडिओमुळं पोरगी सुटली.’’

ती म्हणाली, ‘‘खरं आहे. पण व्हिडिओत तिचा चेहरा होता म्हणून सुटली, की कुणी तरी तक्रार केली म्हणून?’’

मग तिनं मला आणखी एका कलावतीचं काम दाखवलं. कोलकात्याच्या लीना केजरीवाल. मुलींच्या विक्रीच्या प्रश्नावर २०१४ पासून त्यांचं ‘मिसिंग’ नावाचं काम सुरू झालं. पत्रा कापून केलेल्या मुलींच्या मोठमोठ्या काळ्या आकृत्या. नाक नाही, डोळे नाहीत. फक्त वेणी-फ्रॉकवाल्या मुलीचा आकार. आकाशाच्या पार्श्वभूमीवर उभ्या केल्या की आभाळालाच मुलीच्या आकाराचं भोक पडलंय, असं वाटतं. तीच आकृती पुढं शहरांच्या भिंतींवर रंगवली गेली, मोबाइलवरचा एक खेळसुद्धा झाला. चेहरा नसल्यामुळं ती कुणाचीही मुलगी होते. माझी, तुमची.

आणि चेहरे दाखवले तर काय होतं, याचंही उदाहरण आहे. कोलकात्याच्या सोनागाछी वस्तीतल्या मुलांवर ‘बॉर्न इंटू ब्रॉथेल्स’ नावाचा माहितीपट २००४ मध्ये आला. परदेशी छायाचित्रकार बाईंनी मुलांच्या हाती कॅमेरे दिले, फोटो काढायला शिकवलं. २००५ मध्ये त्याला ऑस्कर मिळालं. मुलांच्या शिक्षणासाठी पैसेही उभे राहिले. हेतू वाईट होता, असं कोण म्हणेल? पण त्या मुलांचे चेहरे, त्यांच्या आया, त्यांची घरं सगळ्या जगानं बघितली. सोनागाछीतल्या बायकांच्या संघटनेनंच त्यावर आक्षेप घेतला. आपल्याला, आपल्या पोरांना कसं दाखवलंय, हा त्यांचा सवाल होता.

मला वाटतं, प्रश्न हेतूचा नाहीच. माझाही हेतू चांगलाच होता की! प्रश्न असा आहे, की ज्या लेकराचं एकदा सगळं हिसकावलं गेलंय, त्याचा चेहरासुद्धा आपण त्याला न विचारता घ्यायचा का? आणि विचारलं तरी दहा वर्षांची पोर काय सांगणार? मावशी पाठीवर हात ठेवून ‘बोल’ म्हणतेय म्हटल्यावर ती बोलणारच.

कायद्यानं हे आपल्याआधी ओळखलंय. लहान मुलांच्या लैंगिक शोषणाविरुद्धचा ‘पॉक्सो’ कायदा १४ नोव्हेंबर २०१२ पासून, म्हणजे बालदिनापासून लागू झाला. त्याच्या २३ व्या कलमाप्रमाणं पीडित मुलाचं नाव, पत्ता, फोटो, घरच्यांची माहिती, शाळा, शेजार, ज्यानं म्हणून त्याची ओळख पटेल, असं काहीही माध्यमातून उघड करता येत नाही. केलं तर सहा महिन्यांपासून एक वर्षापर्यंत कैद किंवा दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं. मुलाच्या हितासाठी गरज असेल तर तशी परवानगी फक्त विशेष न्यायालय देऊ शकतं. आपल्यासारख्यांनी ठरवायचं नाही. डिसेंबर २०१८ मध्ये तर सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की पीडिता मरण पावली असली तरी तिची ओळख जपायला हवी. आमच्या त्या कामकरी पोरीसारख्या मुलांसाठी बाल न्याय कायदा आहे. त्याचं ७४ वं कलमही हेच सांगतं.

म्हणजे मी दोन वेळा चुकले. एकदा गेलेल्या मुलीबाबत, एकदा जिवंत मुलीबाबत.

कोमलची गोष्ट

त्यानंतर आम्ही मंडळात एक काम हाती घेतलं. आसपासच्या जिल्हा परिषदेच्या शाळांत ‘कोमल’ ही छोटी कार्टून फिल्म दाखवायची. चाइल्डलाइनसाठी केलेली ही फिल्म. तिला राष्ट्रीय पुरस्कारही मिळालाय. सात वर्षांची कोमल, शेजारी राहायला आलेला ओळखीचा काका, त्याचे लाड, खेळ आणि मग नकोसा स्पर्श. पुढं तिला कुणी तरी समजावून सांगतं आणि ती आई-बाबांशी बोलते. बस, एवढीच गोष्ट. ओळखीचाच माणूस दाखवलाय, ते बरोबरच आहे. केंद्र सरकारच्या महिला व बालविकास मंत्रालयानं २००७ मध्ये १३ राज्यांतल्या बारा हजारांवर मुलांशी बोलून एक अहवाल केला होता. निम्म्याहून अधिक मुलांनी कसल्या ना कसल्या लैंगिक त्रासाला तोंड दिल्याचं त्यात निघालं. त्रास देणारे पुष्कळदा ओळखीचे, विश्वासातले होते आणि बहुतेक मुलांनी कुणाला सांगितलंच नव्हतं.

शाळेत एका वर्गाच्या खिडक्यांना चादरी लावल्या, भिंतीवर फिल्म लावली. मला धाकधूक होती. मुलं हसतील, मास्तर नाराज होतील. पण पाचवीतली पोरं चिडीचूप बसली. संपल्यावर मी विचारलं, ‘‘कोमलला काय वाटलं असेल?’’

‘‘भीती वाटली असेल.’’

‘‘तिला वाटलं असेल, आई मलाच ओरडेल.’’

‘‘तिनं पळून जायला पाहिजे होतं. पण काकांनी चॉकलेट दिलेलं ना.’’

कुणीही स्वतःबद्दल बोलत नव्हतं. सगळे कोमलबद्दल बोलत होते. त्या दिवशी मला भाचीचं म्हणणं खरं पटलं. चित्रातल्या मुलीला चेहरा असतो, पण तो कुणाचाच नसतो. जे मुलाला स्वतःच्या तोंडानं म्हणता येत नाही, ते तिच्या आडून म्हणता येतं. खऱ्या मुलीचा व्हिडिओ लावला असता तर याच मुलांनी काय केलं असतं? तिचं गाव विचारलं असतं. तिची नक्कल केली असती. आमच्या पोरीची केली तशीच. मुलं वाईट म्हणून नाही. आपण मोठेच तिच्याकडं तमाशा बघितल्यासारखं बघतो, तर मुलं काय वेगळं शिकणार?

सगळे गेल्यावर चादरी काढायला मदत करते म्हणून एक मुलगी मागं थांबली. घड्या घालता घालता ती बोलली.

ती काय म्हणाली, ते मी इथं लिहिणार नाही. आम्ही काय केलं, ते मात्र सांगते. मी मोबाइल पर्समध्येच ठेवला. ती जेवढं बोलली तेवढं ऐकलं, खोदून खोदून विचारलं नाही. ‘‘तू सांगितलंस हे फार बरं केलंस, तुझी काही चूक नाही,’’ एवढंच म्हणाले. बाईंना बाजूला घेऊन बोलले आणि तिथूनच १०९८ लावला. बातमी झाली नाही, सत्कार झाला नाही. पुढचं सगळं रीतसर झालं.

आपल्या हातात काय आहे?

मैत्रिणींनो, असा प्रसंग तुमच्यापुढंही येऊ शकतो. शेजारी, शाळेत, नात्यात, बचत गटात. म्हणून चार गोष्टी लक्षात ठेवा.

मुलांच्या मदतीसाठी १०९८ हा नंबर आहे. चोवीस तास, फुकट. तक्रार आपण केली म्हणून घाबरायचं कारण नाही. उलट पॉक्सोखालचा गुन्हा माहीत असून गप्प बसणं, हाच गुन्हा आहे. ‘घरातली गोष्ट घरात’ म्हणून झाकलं, तर आपल्यावरही कारवाई होऊ शकते.

पुरावा पाहिजे म्हणून आपण मुलाचं बोलणं मोबाइलवर घ्यायचं नाही. जबाब कसा घ्यायचा, हे कायद्यात नेमकं लिहिलंय. मुलाच्या घरी किंवा त्याला सोयीच्या जागी, शक्यतो महिला फौजदारानं, गणवेश न घालता, आई-वडील किंवा मुलाचा विश्वास असलेलं माणूस जवळ असताना. शक्य तिथं त्याचं चित्रीकरणही तेच करतात. ते न्यायालयात जातं, गावाच्या ग्रुपवर नाही.

मोबाइलवर एखाद्या मुलावरच्या अत्याचाराचा व्हिडिओ आला, तर ‘या नराधमाला शोधा’ म्हणूनसुद्धा पुढं पाठवू नका. तसे लैंगिक शोषणाचे व्हिडिओ जवळ बाळगणंही गुन्हा ठरतो, हे सर्वोच्च न्यायालयानं सप्टेंबर २०२४ मध्ये स्पष्ट केलंय. त्याची तक्रार केंद्र सरकारच्या सायबर गुन्ह्यांच्या पोर्टलवर करता येते. तिथं आपलं नाव न देण्याचीही सोय आहे.

आणि लेकराला एकदाच बोलू द्या. आजीला सांग, काकूला सांग, सरपंचांना सांग, असं दारोदार फिरवू नका. प्रत्येक वेळी ते पुन्हा त्या खोलीत जाऊन येतं.

या वेळचा फ्लेक्स

ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापूरच्या शाळेतल्या चिमुरड्या मुलींची घटना बाहेर आली. लोक रेल्वे रुळांवर उतरले. आमच्याकडंही पुन्हा मोर्चा ठरला. पुन्हा तोच फ्लेक्सवाला. ‘‘वहिनी, फोटो?’’

‘‘फोटो नाही,’’ मी म्हणाले.

मंडळातल्या एक-दोघी नाराज झाल्या. ‘‘फोटोशिवाय कोण थांबेल?’’ मी भाचीकडून एक चित्र मागवलं होतं. जमिनीवर पडलेली दोरीउडीची दोरी. मुलगी नाहीच. खाली मोठ्या अक्षरांत ‘ऐकू येतंय का तुम्हाला?’ आणि त्याखाली १०९८.

चौकात एक म्हातारे बाबा थांबले. फ्लेक्स बराच वेळ वाचत राहिले. ‘‘पोर कुणाची?’’ त्यांनी विचारलं. आम्ही म्हटलं, ‘‘ते सांगायचं नसतं बाबा.’’ ते जरा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, ‘‘बरं. हा नंबर कशाचा, तेवढं सांगा.’’

आधीच्या मोर्चात इतक्या जणी रडल्या होत्या. पण ‘आता मी काय करू’ असं कुणी विचारल्याचं मला आठवत नाही.

त्या रात्री मोबाइल वाजला. कुठल्याशा मुलीचा फोटो आला होता, त्या प्रकरणातला म्हणून. खरा की खोटा, देव जाणे. पाठवला होता नणंदेनंच. मी तिला फोन लावला.

‘‘वन्सं, तेवढा फोटो पुसून टाका आधी.’’

‘‘अगं, पण लोकांना कळायला नको का, काय झालंय ते?’’

‘‘काय झालंय ते कळू दे की. पोरीचं तोंड कशाला कळायला हवं?’’

पलीकडं जरा वेळ शांतता होती. मग वन्सं म्हणाल्या, ‘‘थांब. आमच्या ग्रुपवरून पण काढायला सांगते.’’